पंखा फक्त चारवर: ब्लोअर रेझिस्टरच्या नोंदी

२३ जून २०२४, रविवार, रात्री

सावंतवाडीहून कोल्हापूरला परत आलो. गाडी बाबांची, २०११ ची पेट्रोल हॅचबॅक, आजच्या घडीला एक लाख चौदा हजार किलोमीटर. दाणोली सोडून आंबोलीचा घाट चढायला लागलो तेव्हा पावसाची संततधार होती आणि धुकं रस्त्यावरच बसलेलं. पंखा दोनवर, एसी चालू, गरम-थंडचा नॉब मधोमध. धबधब्याच्या अलीकडच्या वळणांवर काचेचा खालचा डावा कोपरा पांढरा व्हायला लागला. आधी वाटलं बाहेरचंच धुकं. बाबांनी बोट फिरवलं तर रेघ उमटली, म्हणजे आतून. जाळीपुढे हात धरला, वारा नाही. एकवर नाही, तीनवरही नाही. चारवर नेला आणि पूर्ण जोरानं सुटला.

चारवर काच आतून दोन मिनिटांत निवळली, पण थोड्या वेळानं बाहेरून धरायला लागली. थंडगार हवा सतत काचेवर आदळून काच इतकी गार होते की बाहेरच्या दमट हवेतलं पाणी तिच्यावर जमतं. वायपर मारला की साफ, पुन्हा तेच. गरमचा नॉब वाढवला तर गाडीत भट्टी. मागून आई म्हणाली, "वारो जरा कमी कर गो, कान दुखाक लागले." कमी करायला मधली पायरीच उरली नव्हती. कधी चार, कधी बंद, असं करत चौकीपर्यंत आले आणि चहाला थांबले.

बाबा एसटीच्या वर्कशॉपमध्ये एकतीस वर्षं होते. त्यांच्या वेळच्या गाड्यांना असलं काही नव्हतं. वायपर बंद पडला की चालक काचेवर बाहेरून तंबाखू चोळायचे, मग पाण्याचे थेंब न राहता पाणी पसरून वाहायचं. आतल्या वाफेला मात्र फडकं हाच उपाय. आज लेकीनं तेच केलं, पुढे वाकून माझ्या बाजूची काच पुसत बसली. आठ वर्षांच्या मुलीनं सीटबेल्ट सोडून घाटात हे करावं, हे मला चालणार नाही. ७ सप्टेंबरला गणपती आहे आणि आमचा गणपती गावच्या घरी असतो. त्याआधी हे नीट झालं पाहिजे.

२४ जून, सोमवार

कामावरून येताना प्रयोगशाळेतला मीटर घेऊन आले. उघडायच्या आधी वहीत मांडून बघितलं.

चार चालतो, म्हणजे फ्यूज शाबूत, रिले शाबूत, मोटर फिरते. पहिल्या तीन गतींना रेझिस्टरच्या, म्हणजे प्रवाह अडवून पंखा मंद करणाऱ्या, तारांमधून जावं लागतं, चौथी त्यांना वळसा घालून सरळ जाते. तिघींपैकी एकच गेली असती तर तेवढी एक तार तुटली असेल किंवा नॉबमधला तेवढा संपर्क जळाला असेल असं म्हटलं असतं. चारही गेल्या असत्या तर फ्यूज, मोटर, अर्थिंग. तिन्ही एका क्षणी गेल्या आणि चौथी राहिली, तर पहिला संशय तिघींच्या वाटेवरच्या सामाईक गोष्टीवर: रेझिस्टरवरचा उष्णतेचा फ्यूज.

रेझिस्टर डावीकडे, डॅशबोर्डच्या कप्प्यामागे. कप्प्याच्या दोन्ही भिंती आत दाबल्या की तो खाली लोंबतो. ब्लोअरच्या, म्हणजे पंख्याच्या, डबड्यावर दोन स्क्रूंनी बसवलेली छोटी पट्टी, तिला चार पिनांचा कपलर, म्हणजे तारांचा प्लग. रेझिस्टरचं अंग हवेच्या नळीत आत शिरलेलं असतं. ब्लोअरच्याच वाऱ्यानं तो गार राहावा म्हणून ही जागा आहे, आणि हे नीट लक्षात ठेवायला हवं.

आमच्या गाडीत नॉब अर्थिंगच्या बाजूला आहे. प्लस आधी मोटरला, मोटरमधून रेझिस्टरला, तिथून नॉबला आणि नॉबमधून बॉडीला. काही गाड्यांत हा क्रम उलटा असतो, त्यामुळे आपल्या गाडीचं आधी तपासून घ्यावं.

कपलर काढून, चावी चालू ठेवून:
सामाईक पिनेवर (तिन्ही गतींच्या वाटेवरची एकच पिन), बॉडीच्या तुलनेत: १२.३ व्होल्ट. मोटरमधून व्होल्टेज इथवर पोचतंय.
चावी बंद करून, नॉब एकवर, एकची पिन ते बॉडी: ०.२ ओहम. नॉब ठीक. दोन आणि तीनही तसेच.

रेझिस्टर बाहेर काढून (मीटरच्या तारांचे ०.२ वजा करून):
एक ते दोन: १.२
दोन ते तीन: ०.७
एक ते तीन: १.९
सामाईक ते कुठलीही: तुटलेलं.

मोजलेल्या तारा धडधाकट आहेत. सामाईक पिनेलगत एक पातळ पितळी पट्टी आहे, स्प्रिंगसारखी, तिचं टोक कथिलाच्या थेंबानं खाली धरलेलं असतं. ठरावीक तापमानाला थेंब वितळतो आणि पट्टी उसळून वर येते. आमची उसळलेली होती. थेंबाची जागा खाली वाटीसारखी दिसत होती, कडेला किंचित तांबूस. भिंगातून पाहिलं. इतकी साधी रचना, आणि तिनं आपलं काम चोख केलंय.

२९ जून, शनिवार

शिवाजी उद्यमनगर. या भागात नट मागायला जावं आणि दुकानदारानं आधी "कुठं बसवायचाय?" असं विचारावं, ही इथली पद्धत मला फार आवडते. "ब्लोअरचं रजिस्टन्स" असं म्हणायचं, रेझिस्टर म्हटलं की दोनदा सांगावं लागतं. दोन प्रकार मिळाले, कंपनीच्या डब्यातला ६८० रुपयांना आणि स्थानिक २६० ला. काउंटरवरच दोन्ही मोजले, दुकानदारानं हसून मोजू दिलं. स्थानिकाची एकची तार २.९ ओहम आली, म्हणजे एकवर पंखा जेमतेम सरकला असता. डब्यातला घेतला: सामाईकपासून ०.४, १.१, २.३. त्यांतले फरक जुन्याच्या आकड्यांशी तंतोतंत.

बसवायला वीस मिनिटं. चारही गती आल्या. बाबा शेजारी बसले होते. ते म्हणाले, "एकवर चिं चिं येतंय अजून." ही चिंचिं गेल्या थंडीपासून आहे, सकाळी पहिल्यांदा पंखा लावला की अर्धा मिनिट. मी म्हटलं, येईल आणि जाईल.

२१ जुलै, रविवार

बावीस दिवसांनी पुन्हा तेच. या वेळी घाट नव्हता, रंकाळ्याच्या बाजूनं घरी येत होतो. पंखा दोनवर होता, थांबला. त्याआधी मिनिटभर गरम धुळीचा वास आला, हिवाळ्यात पहिल्यांदा हीटर लावल्यावर येतो तसा. चारवर नेला, चालला.

बाबा काही बोलले नाहीत. चिंचिं ऐकल्यावर मी तेव्हाच थांबायला हवं होतं. उडालेला भाग बदलला आणि तो का उडाला हे विचारलंच नाही. बाबांनी वर्कशॉपमध्ये नवीन पोरांना पहिल्या महिन्यात जे शिकवलं असेल तेच माझ्याकडून राहून गेलं.

२२ जुलै, सोमवार

रेझिस्टर काढला. मोजमाप मागच्यासारखंच, पट्टी उसळलेली. नवीन गोष्ट म्हणजे कपलर. सामाईक पिनेभोवतीचं पांढरं प्लास्टिक पिवळं होऊन पुढे तपकिरी झालंय, आतलं टर्मिनल निळसर पडलंय आणि पिनेवर सैल बसतंय. जूनमध्ये मी ते फक्त उपसून बाजूला ठेवलं होतं, आत डोकावलेच नव्हते.

संध्याकाळी गाडी वायरमन काकांकडे नेली. कोपऱ्यावरचं दुकान, तीस वर्षांपासूनचं, मी शाळेत असताना बाबांच्या स्कूटरचा हॉर्न त्यांनीच लावला होता. त्यांनी रेझिस्टर उलटासुलटा करून पाहिला. "ताई, ह्या पट्टीला कथलाचा टाका मारतो. नाहीतर सरळ तार टाकून डायरेक्ट करू काय? परत उडायचं टेन्शन न्हाई बघा."

मी नको म्हटलं आणि का ते तिथेच हिशेब करून दाखवलं. हा हिशेब इथे सविस्तर लिहिते, कारण डायरेक्ट केलेल्या गाड्या मी स्वतः तीन पाहिल्यात.

इंजिन चालू असताना व्होल्टेज १३.५ धरू. एकवर रेझिस्टर २.३ ओहम, चांगली मोटर साधारण ३.५ अँपिअर ओढते. रेझिस्टरमध्ये उष्णता म्हणजे ३.५ गुणिले ३.५ गुणिले २.३, सुमारे २८ वॅट. एवढी उष्णता वाहता वारा सहज नेतो. आता मोटर अडकली असं समजा. फिरत नसलेली मोटर म्हणजे नुसती तांब्याची तार, ०.३ ओहमच्या आसपास. प्रवाह ५.२ अँपिअर, उष्णता ६२ वॅट. दोनवर अडकली तर साडेनऊ अँपिअर आणि शंभर वॅट. आणि वारा शून्य. चहाच्या कपाएवढ्या जागेत शंभर वॅट, भोवती प्लास्टिकची नळी आणि फोमच्या पट्ट्या.

तीस अँपिअरचा मोठा फ्यूज इथे काहीच करत नाही. त्याला साडेनऊ अँपिअर म्हणजे रोजचं काम. तो वायरिंग वाचवायला असतो. रेझिस्टरचं तापमान बघणारी ती एवढीशी पट्टीच. आणि टाका मारायचा तरी कुठल्या कथिलानं? नेहमीचं साठ-चाळीस १९० अंशांपर्यंत वितळतं, शिशाविनाचं बहुतेक २१७ च्या पुढे. पट्टीचा थेंब कारखान्यात त्या जागेसाठी ठरवून घातलेला असतो. हातानं घातलेला टाका कधी सुटेल ते कोणाच्याच हातात नाही.

काकांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, "मग मोटर बघा आधी. अँपिअर बघा." हेच खरं होतं. त्यांनी पैसे घेतले नाहीत.

२६ जुलै, शुक्रवार

काल पंचगंगेनं धोक्याची पातळी ओलांडली, राजाराम बंधाऱ्यावर ४३ फूट ही ती खूण. आमचा भाग उंचावर आहे म्हणून पाणी येत नाही, पण कॉलेज बंद. लेक गॅलरीतून पाऊस बघतेय. मी पोर्चमध्ये गाडी आणि प्रयोगशाळेतला डीसी क्लॅम्प मीटर घेऊन बसले, म्हणजे तार न कापता तिला नुसतं पकडून प्रवाह मोजणारा. साधा क्लॅम्प चालत नाही, तो फक्त एसी प्रवाह मोजतो. डीसीवाला घ्यायचा आणि तार पकडण्याआधी शून्य करायचा.

आकडा मिळाला तरी तो बरोबर की चूक हे कशावरून ठरवायचं? सुदैवानं दोन घरं सोडून तीच गाडी आहे, २०१३ ची, आणि ते काका घरीच होते. दोन्ही गाड्या इंजिन चालू ठेवून, जाळ्या उघड्या ठेवून मोजल्या. आमच्या गाडीत एक ते तीनसाठी जुना रेझिस्टर लावला, त्याच्या पट्टीभोवती तात्पुरती तार गुंडाळली, एका वेळी दहा सेकंदांच्या वर नाही, आणि रेझिस्टर बाहेर फरशीवर, डोळ्यांसमोर. मोजून झाल्याबरोबर तार काढून टाकली.

त्यांची: एकवर ३.५, दोनवर ५.४, तीनवर ८.४, चारवर १३.२.
आमची: एकवर ४.६, दोनवर ७.१, तीनवर ११, चारवर १७.८.

एकवर ३.५ चे ४.६ झाले. कागदावर हा फरक किरकोळ वाटतो, पण उष्णता प्रवाहाच्या वर्गानं वाढते. २८ वॅटचे जवळजवळ ४९.

अजून एक गोष्ट तपासली. "पानं-कचरा साचून हवा अडते, म्हणून मोटरवर लोड येतो आणि रेझिस्टर जातो," असं सगळे सांगतात, मीही कितीदा म्हटलंय. शेजारच्या गाडीच्या चारही जाळ्या बंद केल्या, पंखा चारवर. अँपिअर १३.२ वरून १०.९ वर उतरले. या पिंजऱ्यासारख्या चाकाचा स्वभावच असा आहे: हवा कमी ढकलायला मिळाली की त्याचं काम हलकं होतं. म्हणजे हवा अडल्यानं प्रवाह वाढत नाही. हवा अडल्यानं रेझिस्टरचं गार होणं कमी होतं, ती वेगळी गोष्ट. आमचे अँपिअर वाढलेत ते घासण्यामुळे. मोटर जड फिरतेय.

दुपारी चावी बंद असताना कप्प्यातून हात घालून चाक बोटानं ढकललं. पाव फेरा फिरून थांबलं.

२८ जुलै, रविवार

मोटर काढली. खालून तीन स्क्रू, एक बारीक रबरी नळी, जिच्यातून मोटरलाच गार करायला हवा जाते, आणि दोन तारांचा कपलर. तिसरा स्क्रू फायरवॉलकडच्या, म्हणजे इंजिनाच्या भिंतीकडच्या, बाजूला आहे. आखूड डिसमिस आणि आरसा लागला, पाऊण तास तिथेच गेला. मोटर चाकासकट खाली हातात आली तेव्हा तिच्याबरोबर ओंजळभर काहीतरी पायमॅटवर पडलं.

गुलमोहराची पानं. आमच्या दारात गुलमोहर आहे आणि बाबांची गाडी बारा वर्षं त्याच्याच सावलीत उभी असते. उन्हाळ्याच्या तोंडावर तो पानं गाळतो, ती पत्रीसारखी चिमुकली, भाताच्या दाण्याएवढी. काचेखालच्या जाळीत वडाचं किंवा पिंपळाचं पान अडकून राहतं, हे मात्र पावसाच्या थेंबासारखं आत जातं. कंपनीनं या मॉडेलमध्ये केबिन फिल्टरची जागा ठेवलीय, पण फिल्टर दिलेलाच नाही, वर नुसतं प्लास्टिकचं झाकण. त्यामुळे बारा वर्षांची पानं थेट चाकात.

चाकाच्या पात्यांमध्ये धूळ आणि पानं दाबून बसून नमद्यासारखी झाली होती. एका बाजूला जास्त, एका बाजूला कमी, म्हणून चाक डुगडुगत होतं. तो थर नखानं सोलला तर अखंड पट्टी निघाली, बोटभर लांब, आत पानांचे देठ आडवे-उभे विणल्यासारखे. रेझिस्टरच्या जागेखाली नळीतही तसाच थर होता, आणि रेझिस्टरच्या तारांसमोरची पानं करपून कॉफीच्या रंगाची झाली होती. रंकाळ्याजवळ आलेला वास त्यांचा. मी ती चार पानं वहीत चिकटवून ठेवली आहेत. डायरेक्ट तार टाकली असती तर पुढचं काय झालं असतं ते या पानांवर दिसतं.

चाक काढलं आणि नुसती मोटर बाबांच्या हातात दिली. त्यांना आता बारीक दिसत नाही. त्यांनी डाव्या हातात मोटर धरली, उजव्या अंगठ्यानं शाफ्ट हळूच फिरवला, मग वर-खाली हलवून पाहिला. "वरचा बुश कोरडा. खालचा बरा आहे. शाफ्टला ओरखडा असणार, बघ." भिंगातून पाहिलं. वरच्या बुशच्या जागी शाफ्टला गोल खाच, नखाला लागेल इतकी.

बुश म्हणजे शाफ्ट ज्यात फिरतो तो कडा, कांस्याची भुकटी दाबून-भाजून केलेला. त्याच्या अंगात बारीक छिद्रं असतात आणि त्यांत तेल मुरवलेलं असतं. शाफ्ट गरम झाला की तेल बाहेर येतं, गार झाला की परत शोषलं जातं. वर्षानुवर्षं धूळ लागत राहिली की ती तेल पिऊन घेते. मग चिंचिं सुरू होते. थंड सकाळी जास्त, कारण उरलंसुरलं तेल तेव्हा घट्ट असतं. जून महिन्यात बाबा सांगत होते ते हेच.

३ ऑगस्ट, शनिवार

मोटर दुरुस्त करायची की नवी घ्यायची, यावर आठवडाभर घरात चर्चा. बाबांचं मत दुरुस्तीचं. उद्यमनगरात लेथवर बुश करून देतात, तेलात रात्रभर भिजवून दाबायचा, कार्बन बदलायचे. वाइंडिंगवाल्याकडे गेलो. त्यानं दोन अडचणी सांगितल्या. मोटरचं पत्र्याचं घर कडा दुमडून बंद केलेलं आहे, उघडलं की तितकं घट्ट परत बसत नाही. आणि शाफ्टला खाच असेल तर नवा बुशही सहा महिन्यांत जाईल, शाफ्ट बदलायचा तर आर्मेचरच, म्हणजे मोटरचा फिरणारा गाभाच, काढावं लागेल. बाबांनी मोटर त्याच्या हातातून घेतली, परत एकदा फिरवली, आणि म्हणाले, "नवी घे." जुनी त्यांनी घरी आणलीय, कपाटात ठेवलीय.

नवी मोटर २,४५० रुपये, चाकासकट. रेझिस्टर दुसरा, पुन्हा ६८०. कपलर तारांच्या शेपटीसकट १८०. फिल्टर ३२०.

११ ऑगस्ट, रविवार

सकाळी आठ ते एक.

आधी नळी साफ केली. व्हॅक्यूम क्लीनरच्या तोंडाला एसीच्या ड्रेनची जुनी लवचीक नळी जोडून कूलिंग कॉइलपर्यंत पोचले. कॉइलच्या तोंडावरही गुलमोहर. ओल्या ब्रशनं वरून खाली, पट्ट्या आडव्या होणार नाहीत असं. खाली ड्रेनमधून काळं पाणी बराच वेळ गेलं.

मोटर बसवण्याआधी टेबलावर बॅटरीला जोडून चालवली. आवाज नाही, डुगडुग नाही. मग चढवली, तिसरा स्क्रू या वेळी पहिला लावला.

कपलरला वेळ दिला. सगळ्या तारा एकदम कापायच्या नाहीत. एक कापायची, जोडायची, मग दुसरी. चारातल्या दोन तारांचे रंग उन्हाधुळीनं सारखेच झालेत, एकदम कापल्या असत्या तर अदलाबदल झाली असती. जोड कथिलानं न डागता दाबून केला, क्रिम्पचे स्लीव्ह आणि वरून उष्णतेनं आवळणारी नळी. या जागी तार तापते आणि मुळात इथे कथिल वितळण्यावरच सगळी सुरक्षितता बेतलेली आहे. जोडातही कथिल नको असं मला वाटलं. प्रत्येक जोड ओढून पाहिला. सामाईक तारेचं इन्सुलेशन आत चार सेंटिमीटरपर्यंत कडक झालं होतं, तिथवर कापून चकचकीत तांबं लागेपर्यंत गेले.

नव्या रेझिस्टरच्या पट्टीखालचा रबरी गॅस्केट नीट बसवला. दोन्ही स्क्रू हातानं, शेवटचा पाव फेरा जपून, प्लास्टिकमध्ये आटे जातात.

फिल्टरसाठी झाकणाच्या कडेनं ब्लेडनं कापावं लागलं. खाच आधीपासून आहे, फिल्टर सरकवला की खट्कन बसतो. बाण हवेच्या दिशेनं.

मोजमाप, इंजिन चालू, फिल्टरसकट:
एक: ३.४
दोन: ५.३
तीन: ८.२
चार: १२.७

सामाईक पिनेवर कपलरच्या आरपार व्होल्टेज पाहिलं, ०.०४ व्होल्ट. जुन्या कपलरचं मोजायचं राहून गेलं, पण त्याच्या रंगावरून ते किती असेल याचा अंदाज येतो.

थर्मोकपल (तापमान मोजणारी तार) रेझिस्टरच्या पट्टीवर, बाहेरच्या बाजूला. दोनवर वीस मिनिटं: ५८ अंशांवर स्थिरावलं. मग पंखा बंद केला, मिनिटभर ६३ पर्यंत चढलं आणि उतरायला लागलं.

बाबा शेजारच्या सीटवर डोळे मिटून बसले होते. एकवर ठेवून बराच वेळ ऐकलं. मग "चार लाव," म्हणाले, मग पुन्हा एक. काही बोलले नाहीत, कप्पा वर ढकलून बंद केला.

१८ ऑगस्ट, रविवार

काचेखालच्या जाळीखाली आतून बारीक जाळी बसवली. पहिल्यांदा डासांची जाळी लावून पाहिली, पण पाऊस आला की तिच्यात पाण्याचा पापुद्रा धरतो आणि हवा अडते. काढली. आता किराणा दुकानात गहू चाळायच्या चाळणीची जाळी, तीन मिलिमीटरची. सगळी पानं नाही अडणार, पण झुपका अडेल, उरलेलं फिल्टरवर थांबेल. दोन्ही बाजूंचे पाणी जायचे मार्ग तारेनं मोकळे केले, उजवा पूर्ण बुजला होता. फिल्टर दर दिवाळीला आणि गुढीपाडव्याला बघायचा, तारखा वहीच्या पहिल्या पानावर लिहिल्या.

गाडी गुलमोहराखालून हलवायची का, असं मी विचारलं. आई म्हणाली, झाड बाबांनी लावलंय. गाडी तिथेच.

वायरमन काकांकडे करपलेली पानं आणि जुना कपलर घेऊन गेले होते. त्यांनी पानं हातावर घेतली, एक चुरगाळून वास घेतला. दुकानात एक गाडी ब्लोअरच्याच तक्रारीची उभी होती. त्यांनी मला थांबायला सांगितलं, आणि आम्ही दोघांनी आधी तिचे अँपिअर घेतले. चारवर १३ च्या आत, म्हणजे मोटर ठीक. तिचा कपलर सैल होता.

५ सप्टेंबर, गुरुवार, रात्री, गावच्या घरी

निपाणी, उत्तूर, आजरा. आजऱ्यापर्यंत कोरडं, पुढे रिमझिम, आंबोलीत नेहमीसारखं, म्हणजे पुढच्या गाडीचे दिवे वीस पावलांवर विझतात. पंखा दोनवर, एसी चालू, गरमचा नॉब मधल्या खुणेच्या जरा पुढे, हवा बाहेरून घ्यायची, आतलीच फिरवायची नाही. एसी हवेतलं पाणी कॉइलवर काढून घेतो, हीटर तीच कोरडी हवा कोमट करतो, ती काचेवर आली की काच ना आतून धरते ना बाहेरून. घाट उतरून दाणोलीत येईपर्यंत नॉबला हात लावला नाही.

लेक मागे झोपली होती, सीटबेल्ट लावून. आईनं एकदा विचारलं, "पंखो चालू आसा मां?" ऐकू येत नव्हता म्हणून.

घरी पोचल्यावर कप्पा उतरवून कपलरला हात लावला. कोमट. प्लास्टिक पांढरं.

उद्या मखर. गाडीचं पुढचं काम: मागच्या डाव्या दाराची काच अर्ध्यावर अडकते.